रुडॉल्फ कार्टिए: रविवारचा प्रयोग, गुरुवारचा प्रयोग

विंगेतला

मंडळी, बरेच दिवस डोक्यात घोळतंय, आज बसून लिहितोच.

१२ डिसेंबर १९५४, रविवार. बीबीसी टीव्हीवर रात्री ऑर्वेलच्या '१९८४' या एकाधिकारशाहीवरच्या कादंबरीचं नाट्यरूपांतर लागलं. जवळजवळ दोन तास चाललं. छळाची दृश्यं, उंदरांचा पिंजरा, सगळं लोकांच्या दिवाणखान्यात. फोन खणखणले, वर्तमानपत्रं पेटली. चार दिवसांनी, गुरुवारी, तेच नाटक परत लागलं.

यात काय विशेष, पुन:प्रक्षेपण तर रोज होतं, असं वाटेल. पण गुरुवारी टेप लावली नव्हती, कारण टेप नव्हतीच. पीटर कुशिंग, इव्हॉन मिचेल, आंद्रे मोरेल, डोनाल्ड प्लेझन्स, सगळे परत लाइम ग्रोव्हच्या स्टुडिओत आले, रंगायला बसले आणि पहिल्या ओळीपासून शेवटच्या ओळीपर्यंत पुन्हा केलं. २२ नट, २८ सेट, आणि संगीताचा वाद्यवृंद शेजारच्या स्टुडिओत बसून पडद्याकडे बघत जिवंत वाजवतोय. मी वीसेक वर्षं राज्य नाट्य स्पर्धेसाठी लेव्हल उचलल्यात, दिवे टांगलेत. एका अंकात दोन सेट बदलायचे म्हटलं तर आमची पोरं रजा टाकायची. २८!

आज आपल्याला जे बघायला मिळतं ते त्या गुरुवारचं, फिल्मवर घेतलेलं चित्रण. रविवारचा प्रयोग हवेत गेला.

हे सगळं घडवून आणणारा माणूस म्हणजे रुडॉल्फ कार्टिए. मूळ आडनाव काचर, जन्म व्हिएन्ना, १९०४. शिकायला घेतलं वास्तुशास्त्र, मग माक्स राइनहार्टकडे नाट्यशिक्षण, तिथून बर्लिनला 'ऊफा' या बड्या चित्रसंस्थेत पटकथालेखन. ज्यू असल्यामुळे १९३३ नंतर जर्मनीत राहणं शक्यच नव्हतं. १९३५ मध्ये तो इंग्लंडला आला. आई मागे राहिली, ती नाझींच्या हत्याकांडात गेली. इंग्लंडमध्ये त्याला बरीच वर्षं फारसं काम नव्हतं. १९४८ च्या एका चित्रपटाची त्याने सहलेखक आणि निर्माता म्हणून जुळवाजुळव केली. ख्रिस्तोफर ली पडद्यावर पहिल्यांदा दिसला तो त्याच चित्रपटात.

१९५२ मध्ये बीबीसीच्या नाट्यविभागाचा प्रमुख मायकेल बॅरी याने त्याला भेटायला बोलावलं. नोकरी मागायला गेलेल्या माणसाने तिथे सांगितलं की तुमची नाटकं बघवत नाहीत, नवी संहिता हवी आणि नवी दृष्टी हवी. तरी नोकरी मिळाली. (आपल्याकडे चहासुद्धा मिळाला नसता.) त्याच जुलैमध्ये पहिलं नाटक, रूपांतर त्याचंच. संवादांवर हात फिरवायला विभागातला एक तरुण लेखक दिला गेला, नायजेल नील. पुढचं सगळं या जोडीचं.

माझा मुद्दा असा की हा माणूस आला सिनेमातून, पण त्याची कारकीर्द आपल्याला कळते ती नाटकवाल्यांच्या भाषेत. अंक, एंट्री, विंग, फजिती. तुम्हाला काय वाटतं?

चौकसराव

लेख आवडला. एक शंका. त्याला कुठे निर्माता म्हणतात, कुठे दिग्दर्शक. नक्की कोण? आपल्याकडे निर्माता म्हणजे पैसे घालणारा, आणि बहुतेक वेळा बुडणारा.

विंगेतला

रास्त शंका. त्या काळच्या बीबीसीत 'प्रोड्यूसर' म्हणजे दोन्ही. संहिता निवडायची, नट ठरवायचे, तालमी घ्यायच्या, खर्चाचा हिशेब ठेवायचा आणि प्रक्षेपणाच्या रात्री काचेमागच्या खोलीत बसून 'आता दोन नंबर, आता एक' असं सांगत कॅमेरे बदलायचे. १९६३ च्या सुमारास सिडनी न्यूमन नाट्यविभागाचा प्रमुख झाला, त्याने ही दोन कामं वेगळी केली. त्यानंतर कार्टिए दिग्दर्शक म्हणूनच राहिला.

कागदाचा किडा

थांबा थांबा. नेहमीप्रमाणे लेखकाला दोन ओळीत गुंडाळलंत. 'संवादांवर हात फिरवायला एक तरुण' म्हणे! नायजेल नील हा आइल ऑफ मॅनचा, बीबीसीच्या अगदी पहिल्या पगारी नाट्यलेखकांपैकी. १९५३ च्या उन्हाळ्यात शनिवारच्या सहा रात्री रिकाम्या होत्या म्हणून त्याने जी मालिका लिहिली ती 'द क्वाटरमास एक्सपेरिमेंट'. अंतराळात तीन माणसं जातात, यान परत येतं तेव्हा आत एकच असतो, आणि तोही हळूहळू माणूस राहत नाही. नायक असलेल्या शास्त्रज्ञाचं क्वाटरमास हे आडनाव लंडनच्या टेलिफोन डिरेक्टरीतून उचललं, पहिलं नाव बर्नार्ड लव्हेल या खगोलशास्त्रज्ञावरून ठेवलं.

आणि शेवटच्या भागातला राक्षस कुणी केला माहितीये का? लेखकाने! खर्चाला पैसेच नव्हते, सहा भाग मिळून चार हजार पौंडांच्याही आत. नील आणि त्याची मैत्रीण ज्युडिथ कर (पुढे बायको, लहान मुलांच्या वाघाच्या गोष्टीमुळे जगभर माहीत झालेली तीच, आणि तीही बर्लिनहून पळून आलेल्या ज्यू कुटुंबातली) यांनी चामडी हातमोज्यांवर झाडपाला आणि काय काय चिकटवलं. वेस्टमिन्स्टर ॲबी या लंडनच्या जुन्या चर्चच्या आतल्या भागाचा एक फोटो मोठा करून घेतला, त्याला भोकं पाडली, आणि प्रक्षेपण चालू असताना नील मागे उभा राहून त्या भोकांतून हात वळवळवत होता. इंग्लंड जागच्या जागी थिजलं ते त्या दोन हातमोज्यांना बघून.

पुढे १९५५ मध्ये त्यावर चित्रपट निघाला, चांगला चालला. नील नोकरीत असल्यामुळे हक्क संस्थेचे, त्याला काही नाही. १९६७ मध्ये तीन हजार पौंड खुशीने म्हणून दिले. कार्टिए मोठा होताच, पण कागदावर काही नसेल तर कॅमेरा कुणाला दाखवणार?

विंगेतला

किडासाहेब, मान्य. तुम्ही भडकणार हे माहीत होतं, म्हणूनच त्या ओळीत कमी लिहिलं. ;)

पण एक बघा. ज्या ॲबीत २ जून १९५३ ला राणीचा राज्याभिषेक झाला, तीच ॲबी. त्या दिवशी शेजाऱ्यापाजाऱ्यांकडे दाटीवाटीने बसून दोनेक कोटी लोकांनी तो सोहळा टीव्हीवर पाहिला. अनेकांनी त्यासाठीच संच विकत घेतले होते. आणि २२ ऑगस्टला, तीन महिनेही झाले नाहीत तोवर, त्याच संचावर त्याच ॲबीत हे झाडपाल्याचं भूत. जागा लेखकाने निवडली, कबूल. पण फोटोला भोकं पाडलेली आहेत हे बघणाऱ्याला कळू न देणं, कोणत्या क्षणी किती जवळून दाखवायचं, किती वेळ दाखवायचं, हे काचेमागच्या खोलीत बसलेल्या माणसाचं काम. आमच्या एका नाटकात थर्मोकोलचा वाडा होता. लेखकाने वाडा लिहिला होता, थर्मोकोल दिसू न देणं दिवेवाल्याच्या हातात होतं. पहिल्या प्रयोगाला दिसला.

मिसळ कट्टा

धागा वाचतोय. पॉपकॉर्न नाही, शेव घेऊन बसलोय.

उलटा अँटेना

थोडी तांत्रिक भर. लोकांना वाटतं की तेव्हा रेकॉर्डिंग अशक्य होतं. अगदीच तसं नव्हतं. टीव्हीच्या पडद्यासमोर सिनेमाचा कॅमेरा लावून चित्रीकरण करता येत असे. महाग होतं आणि दिसायचं धुरकट. शिवाय नटांच्या संघटनेचा अशा चित्रणांच्या पुन:प्रक्षेपणाला विरोध असे: एकदाच पैसे देणार आणि दहादा दाखवणार, हे कसं चालेल? म्हणून रविवारचं नाटक गुरुवारी परत करायचं ही बीबीसीची रीतच होती, '१९८४' पुरती सोय नव्हती. चुंबकीय फितीवर चित्र उतरवणारं पहिलं व्यावहारिक यंत्र अमेरिकेत १९५६ मध्ये आलं.

क्वाटरमासचे सहापैकी पहिले दोनच भाग असे फिल्मवर घेतले. चित्राचा दर्जा इतका सुमार निघाला की पुढचे चार घेतलेच नाहीत. कॅमेरेही अलेक्झांड्रा पॅलेस या बीबीसीच्या लंडनमधल्या जुन्या स्टुडिओतले, जुनाट, १९३६ च्या पिढीचे. चित्रावर काळे-पांढरे ढग यायचे. दुसऱ्या भागात तर पडद्यावर एक किडा येऊन बसला आणि त्याचंही चित्रण झालं. काही मिनिटं तो नटांच्या अंगावरून निवांत फिरतो.

कागदाचा किडा

माझा काही संबंध नाही.

गंगावेस

ऑर्वेलचा विषय निघालाच आहे तर आमच्या कोल्हापूरकडची एक गोष्ट सांगितल्याशिवाय राहवत नाही. युद्धकाळात १९४१ ते ४३ ऑर्वेल बीबीसीच्या हिंदुस्थानसाठीच्या विभागात नोकरीला होता. तिथे त्याच्यासोबत वेणू चितळे काम करत. त्या मूळच्या कोल्हापूर भागातल्या. ऑर्वेलच्या कार्यक्रमांत त्यांचा आवाज असे, मराठीतूनही त्यांनी प्रसारण केलं. ऑर्वेल लिहीत असलेली बातमीपत्रं आपल्या भाषांमध्ये जायची, त्यात मराठीही होती. वेणूताईंनी पुढे इंग्रजीत कादंबरी लिहिली, १९५० मध्ये मुंबईत छापली गेली. '१९८४'मधल्या त्या कुप्रसिद्ध १०१ नंबरच्या खोलीचं नाव बीबीसीतल्या बैठकीच्या खोलीवरून घेतलं असं सांगतात. म्हणजे ज्या संस्थेच्या बैठकांना कंटाळून लिहिलं, त्याच संस्थेने ते दाखवलं!

ऑर्वेल स्वतः जानेवारी १९५० मध्ये गेला. कार्टिएचं काम त्याला बघायला मिळालं नाही.

विंगेतला

गंगावेस, जियो. वेणू चितळेंवर स्वतंत्र धागा काढा, विनंती नाही, हुकूम समजा.

सरळमार्गी

एक वेगळा सूर लावतो, रागावू नका. भीती, छळ, उंदीर, परग्रहावरचे राक्षस. लोकांना घाबरवणं ही फार मोठी कला आहे का? तेव्हाच्या प्रेक्षकांनी आरडाओरडा केला तो उगाच केला असेल?

विंगेतला

उगाच केला असं मी म्हणणार नाही. रविवारी रात्री जेवण झाल्यावर कुटुंब बसलंय आणि समोर माणसाचा मेंदू धुतला जातोय. पाच खासदारांनी संसदेत ठराव मांडला, बीबीसी रविवारच्या संध्याकाळी लैंगिक आणि क्रूर वृत्तींना खतपाणी घालते अशा आशयाचा. लगेच दुसऱ्या खासदारांनी त्याला उलट उपसूचना दिल्या. गुरुवारचा प्रयोग होऊ द्यायचा की नाही यावर बीबीसीच्या वरिष्ठ मंडळात मतदान झालं, थोडक्यात वाचला. राणीचा नवरा प्रिन्स फिलिप याने जाहीर सांगितलं की आम्ही दोघांनी पाहिलं आणि आवडलं. गुरुवारी प्रयोगाआधी मायकेल बॅरी स्वतः पडद्यावर येऊन बोलला. ७० लाखांच्या आसपास लोकांनी पाहिलं. शिव्या देऊन झाल्यावर तिकिटं संपतात हे आपल्या रंगभूमीला काय सांगायचं!

राहता राहिला कलेचा प्रश्न. इथे मला एवढंच म्हणायचंय. तेव्हा सगळे म्हणत की टीव्ही म्हणजे छोटी पेटी, त्यात दोन माणसं सोफ्यावर बसून बोलतात तेवढंच मावतं. कार्टिए म्हणाला, उलट. माणूस घरात आहे, अंधार केलाय, आजूबाजूला चारशे लोक नाहीत की कुणी खोकलं, कुणी हसलं आणि ताण सुटला. तो एकटा माझ्या ताब्यात आहे. म्हणून तो एकदम डोळ्यांपर्यंत जवळ जायचा. आणि मोठं दृश्य हवं असेल तेव्हा आधी फिल्मवर घेऊन ठेवलेला तुकडा मध्येच सोडायचा, तेवढ्यात नट धावत पुढच्या सेटवर. कपडे बदलायला मिळाला तर मिळाला वेळ.

आणि भीती कशाची होती हेही बघा. बर्लिनहून पळालेला, आई गमावलेला माणूस एकाधिकारशाहीवरचं नाटक करतोय. तो उंदरांचा पिंजरा त्याला कुठल्या गोष्टीच्या पुस्तकातून मिळालेला नव्हता. हे माझं मत, पुरावा मागू नका.

सरळमार्गी

हे शेवटचं वाक्य पटलं. राक्षसांचं मात्र अजून नाही.

कागदाचा किडा

मग 'क्वाटरमास अँड द पिट' बघा. डिसेंबर १९५८ ते जानेवारी १९५९, सहा भाग, सगळे शाबूत. लंडनमध्ये इमारतीसाठी खोदकाम करताना जुन्या कवट्या निघतात, मग धातूचं काहीतरी निघतं. युद्धातला न फुटलेला बॉम्ब म्हणून लष्कर येतं. निघतं ते लाखो वर्षांपूर्वीचं मंगळावरचं यान. नीलची कल्पना अशी की आपल्यापेक्षा वेगळा दिसणाऱ्याला ठेचून काढायची जी ऊर्मी माणसात उसळते ती तिथून आलेली आहे. हे प्रक्षेपित झालं त्याच्या आधी ऑगस्ट-सप्टेंबरमध्ये लंडनच्या नॉटिंग हिलमध्ये वेस्ट इंडीजहून आलेल्या लोकांवर गोऱ्या टोळक्यांचे हल्ले झाले होते. शेवटच्या भागात लंडनचे लोक एकमेकांवर धावून जातात. राक्षस कोण ते तुम्हीच ठरवा.

खर्चही वाढला होता, सतरा हजार पाचशे पौंड. झाडपाला परवडत असूनही वापरावा लागला नाही.

विंगेतला

मधल्या 'क्वाटरमास २'चं राहिलं. १९५५ च्या सप्टेंबरमध्ये व्यापारी वाहिनी सुरू झाली, बीबीसीची मक्तेदारी गेली. तिच्यासमोर टिकायला ऑक्टोबरात हे आणलं. इसेक्समधल्या तेलशुद्धीकरण कारखान्यात बाहेरचं चित्रीकरण केलं, पण प्रक्षेपणाच्या दोन महिने आधी पहिल्या मालिकेतला क्वाटरमास, रेजिनल्ड टेट, अचानक वारला. जॉन रॉबिन्सनला घाईने घेतलं. शास्त्रीय शब्द बोलताना त्या बिचाऱ्याची जी कसरत होते ती दिसते. बदली नट म्हणून उभं राहिलेल्या कुणालाही ती ओळखू येईल.

बाकी कार्टिएने फक्त थरार केला असं नाही हो. ऑपेरा केले. 'वुदरिंग हाइट्स' दोनदा केलं, १९५३ आणि १९६२. १९६१ मध्ये 'ॲना करेनिना', क्लेअर ब्लूम आणि शॉन कॉनरी, जेम्स बाँड व्हायच्या आधीचा. सव्वाशेच्या आसपास निर्मिती. त्यातल्या किती आज आहेत? १९५३ चं 'वुदरिंग हाइट्स' नाही. हिमालयातल्या यतीवरचं 'द क्रीचर', १९५५, पीटर कुशिंग, तेही नाही. घडलं आणि गेलं.

जुनी कॅसेट

या 'नाही'वरून माझं दुखणं. १९८९ ला आमच्या गल्लीतल्या गणेशोत्सवात एकांकिका केली होती, मी नायिकेची धाकटी बहीण. कुणाच्या तरी दुबईच्या काकांच्या कॅमेऱ्याने व्हीएचएसवर शूटिंग झालं. नायिकेचं काम केलेली मैत्रीण पुढे लवकर गेली. तिची आई ती कॅसेट मागायला आली तेव्हा काढली. पहिली चार मिनिटं आमचं नाटक, मग एकदम सनई आणि मामेभावाच्या साखरपुड्याचं जेवण. जिलबी वाढतायत, जिलबी वाढतायत, संपेपर्यंत. काकूंनी ती चार मिनिटं तीनदा बघितली आणि जिलबीपाशी आल्यावर म्हणाल्या, 'असू दे ग.'

त्यामुळे सहापैकी दोन भाग राहिले म्हणजे पुष्कळ राहिलं असं मला वाटतं.

विंगेतला

ताई, यावर काय लिहू.

ईलिंगचा पाऊस

इथे लंडनमध्ये राहतो, धागा वाचून शनिवारी मुद्दाम अलेक्झांड्रा पॅलेसला जाऊन आलो. डब्ल्यू ३ नंबरची बस टेकडीवर थेट नेऊन सोडते. पर्वतीवरून पुणं दिसावं तसं सगळं लंडन खाली. एका टोकाला जुना मनोरा अजून उभा आहे आणि भिंतीवर निळी पाटी: नियमित हाय डेफिनिशन दूरचित्रवाणी सेवा जगात पहिल्यांदा इथून सुरू झाली, २ नोव्हेंबर १९३६. त्या काळचं हाय डेफिनिशन म्हणजे ४०५ रेषा. पाटी वाचून मी फोनवर फोटो काढला, तो त्याहून कितीतरी स्पष्ट आला. वर कुत्री फिरवणारी माणसं आणि थंडगार वारा. झाडपाल्याचे हातमोजे याच इमारतीत घातले होते म्हटल्यावर उगाच खिडक्यांकडे बघत राहिलो.

आणखी एक. २ एप्रिल २००५ ला बीबीसी फोरने पहिलं क्वाटरमास पुन्हा जिवंत सादर केलं होतं, जेसन फ्लेमिंग आणि डेव्हिड टेनंट. तेव्हा मी इथे नवीन होतो, रूमवर बघितलं. धाप लागेल अशा वेगाने पळवलं, ठरल्यापेक्षा आधीच संपलं.

विंगेतला

घाबरलेला नट नेहमी आधी संपवतो. :)

कार्टिए जून १९९४ मध्ये नव्वदीत गेला, लंडनलाच. त्यानंतर महिन्याभरात बीबीसीने त्याचं '१९८४' पुन्हा दाखवलं. म्हणजे त्या गुरुवारचा प्रयोग.

सरळमार्गी

रिपोर्ट देतो. काल रात्री हट्टाने पहिल्या क्वाटरमासचे उरलेले दोन्ही भाग बघितले. आई शेजारी होती, तिला इंग्रजी फारसं कळत नाही, पण यानातून एकटा बाहेर पडलेला तो माणूस नुसता बघतो तेव्हा तिने टाळ वाजवणं थांबवलं. (एकादशी होती.) दुसऱ्या भागात तो किडा आला. मी तिला काही सांगितलं नव्हतं. ती उठली, पदराने टीव्हीची काच पुसली, परत येऊन बसली. किडा तिथेच. पुन्हा उठली.

मिसळ कट्टा

मग? गेला का?

सरळमार्गी

आता तिला सांगू कसं ते सुचवा. तिने सकाळी कोलीन मागवलंय.